दोन कुलपांची बंदूक

तारीख : ७ जुलै, सोमवार. संध्याकाळी, कोर्ट सुटल्यावर.
ठिकाण : माझं ऑफिस, राजारामपुरी.
हजर : अपीलदार महिपती (साठीच्या आसपास, शेती आणि म्हशी), त्यांच्या पत्नी आक्काताई, मी.
न बोलावता हजर : ज्ञानदेव, अपीलदाराचे चुलतभाऊ. आत आले नाहीत. जिन्यात बसून होते.

पक्षकाराबरोबरच्या प्रत्येक बैठकीची नोंद मी अशी ठेवते. वकिलीच्या सुरुवातीला ठेवत नव्हते. मग एकदा एक पक्षकार भर कोर्टात म्हणाला की, तारखेला यायचं हे वकीलबाईंनी सांगितलंच नव्हतं. त्या दिवसापासून वर तारीख, खाली हजेरी, त्याखाली कोण काय म्हणालं. माझे यजमान म्हणतात, घरातल्या भांडणाचीही तू अशीच नोंद ठेवतेस. ठेवते. उपयोग होतो.

ज्यांची गोष्ट सांगणार आहे त्यांची नावं बदलली आहेत. दोघाही भावांनी छापायला परवानगी दिली, पण बदललेल्या नावांतसुद्धा कुणाचं आधी येणार, अशी चौकशी दोन्हीकडून झाली.

माझं काम फौजदारी अपिलांचं, आणि त्यातही जास्त करून बेकायदा हत्यार बाळगल्याबद्दल झालेल्या शिक्षांचं. हे मी ठरवून निवडलं नाही. सुरुवातीला एका गावठी कट्ट्याच्या अपिलात यश आलं. तो माणूस कळंब्याच्या जेलमधून सुटताना अख्ख्या बराकीला माझं नाव सांगून आला. माझी जाहिरात म्हणाल तर एवढीच.

अपील म्हणजे काय, हे लोकांना समजावताना माझा निम्मा वेळ जातो. लोकांना वाटतं, वरच्या कोर्टात खटला पहिल्यापासून चालणार, साक्षीदार परत येणार, आणि मागच्या वेळी जे बोलायचं राहिलं ते आता बोलता येणार. तसं नसतं. खालच्या कोर्टात जे कागदावर आलं तेवढंच वरचं कोर्ट पुन्हा वाचतं. मी पक्षकारांना सांगते, आमटी शिजून झालेली आहे. आपण फक्त मीठ जास्त पडलं एवढं दाखवायचं. नवी फोडणी घालता येत नाही.

दुसरी गोष्ट 'बाळगणे' या शब्दाची. हत्यार तुमच्या आसपास सापडलं म्हणजे तुम्ही ते बाळगलं असं होत नाही. ते तिथे आहे हे तुम्हाला माहीत हवं आणि ते तुमच्या ताब्यात हवं. दोन्ही लागतं. सगळी लढाई या दोन शब्दांवर चालते, माहिती आणि ताबा. म्हणून माझ्याकडे येणारा प्रत्येक माणूस एकच वाक्य घेऊन येतो : "ते माझं न्हवंच." कुणाची पिशवी शेजाऱ्याची असते, कुणाची गाडी मेव्हण्याची, एकाची तर पँट भावाची होती.

गिऱ्हाइकं नाना तऱ्हेची. एकजण आपल्याकडं सापडलेला कट्टा कसा होता हे समजावून सांगायला खिशातून काढून "हा बघा, असलाच हुता" म्हणाला आणि टेबलावर ठेवला. निघाला तो सिगारेट पेटवायचा लायटर, पण ते कळेपर्यंत समोर बसलेल्या दोन पक्षकारांनी वकील बदलायचं ठरवलं होतं. दुसऱ्या एकानं, हत्यार चालत नव्हतं म्हणून गुन्हा होत नाही, असं मला पटवून दिलं. मग मी कागदपत्रांतला तपासणीचा अहवाल काढून वाचला. हत्यार उत्तम चालत होतं. "मग मला इकणाऱ्यानं खोटं सांगितलं," असं म्हणून तो विक्रेत्यावर फसवणुकीची केस करता येईल का, हे विचारायला लागला.

सगळंच हसण्यासारखं नसतं. एका टेम्पोवाल्याचं अपील मी हरले. सीटखाली दुसऱ्याच माणसाची बॅग होती, असं मला तेव्हाही वाटत होतं आणि आजही वाटतं. पण बॅग कोणी ठेवली, हा प्रश्न खालच्या कोर्टात कुणी कुणाला विचारलाच नव्हता. कागदावर नाही म्हणजे नाही. त्यानं पुरी शिक्षा भोगली. हल्ली कधी त्याचा टेम्पो समोरून आला तर तो हात करतो. मीही करते, पण माझा हात पुरता वर जात नाही.

तर महिपती. हा पहिला पक्षकार असा, की जो "ते माझं न्हवंच" म्हणायला तयार नव्हता.

गाव मलकापूरच्या पलीकडचं, जंगलाला लागून. गवे आणि डुकरं पिकात शिरतात म्हणून पूर्वी तिकडच्या शेतकऱ्यांना बंदुकीचे परवाने मिळत. महिपतींच्या आजोबांकडं असा परवाना होता आणि ठासणीची बंदूक होती. म्हणजे नळीतून दारू ठासायची, बार काढायचा, मग पुन्हा ठासायचं. डुक्कर तोवर शेजारच्या गावात. त्यामुळं बंदुकीचा खरा उपयोग वर्षातून एकदाच, दसऱ्याला. देवीची पालखी माळावर पोचली की हवेत एक बार काढायचा आणि मगच सोनं लुटायचं. हा मान या घराण्याचा.

आजोबा गेले. त्यांच्याबरोबर परवानाही संपला, पण हे कुणाच्या डोक्यात आलं नाही. कायद्याप्रमाणं बंदूक तेव्हाच जमा करायला हवी होती. त्याऐवजी घराण्याच्या दोन शाखांत मानाची वाटणी झाली. एक वर्ष थोरल्या घरानं बार काढायचा, एक वर्ष धाकट्या घरानं. महिपती थोरल्या घरचे, ज्ञानदेव धाकट्या. दोन्ही घरांच्या मधोमध देवाची खोली आहे. तिथं एक लाकडी पेटी, पेटीत बंदूक, पेटीला दोन कुलपं. एकेक किल्ली एकेका घराकडं. दोघं मिळून आले तरच पेटी उघडायची.

हे कोरोनापर्यंत सुरळीत चाललं. त्या साली पालखी निघाली नाही, बार निघाला नाही. आणि त्यानंतर कित्येक दसरे गावात हा प्रश्न सुटला नाही की, रद्द झालेल्या सालची पाळी कुणाची होती आणि तिचं काय झालं. थोरल्यांचं म्हणणं, पाळी धाकट्यांची होती, ती गेली. धाकट्यांचं म्हणणं, पाळी जात नसते, पुढं सरकते. दर दसऱ्याला गावातली वडीलधारी माणसं मध्ये पडत, शिवीगाळ होई, शेवटी देवीकडं बघून दोघं आपापलं कुलूप काढत.

अशाच एका दसऱ्याला महिपतींनी बार काढला. कुणीतरी मोबाईलवर त्याचा व्हिडिओ केला आणि तो फिरत फिरत पोलिसांपर्यंत गेला. व्हिडिओत नुसता धूर आहे आणि धुरातून "आप्पा, लांब सरा" असा आवाज येतो. पण बंदूक आहे एवढं कळायला तो पुरेसा होता. पोलीस गावात आले. ज्ञानदेव मलकापूरच्या बाजाराला गेले होते. पोलिसांनी विचारलं, बंदूक कुणाची? देवीची म्हटलं असतं, गावाची म्हटलं असतं, दोघांची म्हटलं असतं तरी पुढचं बरंच टळलं असतं. महिपती छाती काढून म्हणाले, "आमची. थोरल्या घरची." आणि आपलं कुलूप उघडून दिलं. दुसरं कुलूप पोलिसांनी पहारीनं तोडलं.

बाजारातून आलेल्या ज्ञानदेवांची तक्रार भावाला धरून नेल्याची नव्हती, बंदूक नेल्याचीही नव्हती. आपल्या गैरहजेरीत आपलं कुलूप का तोडलं, अशी तक्रार द्यायला ते पोलीस ठाण्यात गेले होते.

खालच्या कोर्टात खटला चालला. शेवटी न्यायाधीश आरोपीला, तुमच्याविरुद्ध असं असं आलं आहे, त्यावर काय म्हणणं आहे, असे प्रश्न विचारतात. महिपतींच्या तिथल्या वकिलांनी त्यांना एकच उत्तर पाठ करायला लावलं होतं, "खोटं आहे." त्यांनी ते इमानदारीत केलं. पोलीस गावात आले होते, खोटं आहे. देवाची खोली तुमच्या घराला लागून आहे, खोटं आहे. पेटीतली बंदूक तुमची आहे? "ते खरं हाय. आज्ज्यापासनं."

दोन वर्षं सक्तमजुरी. अपील दाखल होऊन शिक्षा स्थगित झाली, महिपती जामिनावर बाहेर आले, आणि त्या सोमवारी माझ्यासमोर बसले. तिघंही एकाच वडाप जीपमधून, म्हणजे माणशी भाडं घेणाऱ्या जीपमधून, आले होते. महिपती आणि आक्काताई मागं, ज्ञानदेव पुढं ड्रायव्हरशेजारी. वाटेत एक शब्द बोलले नाहीत, असं आक्काताईंनीच सांगितलं.

आरोपीच्या एका उत्तरावर शिक्षा टिकत नाही, हे मला मांडता येणार होतं. पण खरा मुद्दा होता तो कुलपांचा. खालच्या कोर्टात एका हवालदारानं उलटतपासणीत सरळ सांगितलं होतं की एक कुलूप आरोपीनं उघडलं, दुसऱ्याची किल्ली त्याच्याकडं नव्हती म्हणून तोडावं लागलं. कागदावर आलेलं होतं. कुणी त्याचा उपयोगच केला नव्हता.

मी म्हटलं, "महिपतराव, बंदूक तुमच्या एकट्याच्या ताब्यात नव्हती, हे आपण सांगायचं. पेटीला दोन कुलपं. दुसऱ्या किल्लीशिवाय ती तुम्हाला उघडताच येत नव्हती. बरोबर?"

महिपती पंख्याकडं बघत होते. "बरोबर हाय. पर ते सांगायचं न्हाय."

"का?"

"आवं बाईसाहेब, कोर्टात दोन कुलपं म्हटलं की मान निम्मा-निम्मा झाला की. त्येचा कागूद हुतोय. उद्या त्यो ज्ञान्या कागूद घिऊन गावभर फिरंल."

"पण मान निम्मा आहेच ना?"

"हाय. पर कोर्टात न्हाय."

आक्काताई इतका वेळ पदराशी चाळा करत होत्या. त्या नवऱ्याकडं न बघता म्हणाल्या, "मग जावा कळंब्याला. दोन वर्सं बसा मान उशाला घिऊन. दसऱ्याचा बार बी तिकडनंच काढा." मग माझ्याकडं वळल्या. "बाईसाहेब, आमची थोरली म्हस ह्यांच्याबिगार कुणाला आचळाला हात लावू देत न्हाय. ह्येस्नी धरून नेलतं तवा मी धार काढाय गेलतो, तर अशी लाथ घातली की पाय सुजून भोपळा. डेअरीचं दूध बंद झालं. दोन वर्सं ह्ये आत गेलं तर दावणीला काय ऱ्हातंय?"

जिन्यातून आवाज आला, "वैनी, म्हशीचं मी बघतो म्हटलतं की."

"तुमास्नी बी घातलीया लाथ भावजी, साऱ्या गावानं बघितलीया," आक्काताई दाराकडं तोंड करून म्हणाल्या.



महिपतींनी पंख्यावरची नजर खाली आणली. मग म्हणाले, "बरं, म्हणा दोन कुलपं. पर एक करा. त्यातलं वरचं आमचं हाय, असं म्हणा. वरचं म्हटलं की जरा बरं दिसतंय."

मला वाटलं, यात काय जातंय. हवालदारानं वर-खाली असं काहीच म्हटलेलं नव्हतं. एक शब्द घातला तर पक्षकार समाधानी राहील आणि कोर्टाचं काही बिघडणार नाही. मी होकार दिला.

सुनावणी त्याच महिन्यात झाली. कसबा बावड्याच्या कोर्टात, जेवणाच्या सुट्टीनंतर, म्हणजे ज्या वेळी मागच्या बाकांवरचे लोक पेंगत असतात. महिपती फेटा बांधून आले होते. आक्काताई शेजारी. ज्ञानदेव दोन बाकं सोडून. मी उभी राहिले, माझे मुद्दे क्रमानं मांडायला लागले. पहिले दोन नीट गेले. तिसरा कुलपांचा.

"पेटीला दोन कुलपं होती," मी म्हटलं. "वरचं कुलूप अपीलदारानं उघडून दिलं. खालचं..."

"साहेब, वरचं आमचं हाय," मागून आवाज आला.

कोर्टात असं कुणी बोलत नाही. शिपाई बाकांकडं धावला. न्यायाधीशांनी त्याला हातानं थांबवलं. "कोण बोललं?"

ज्ञानदेव उभे राहिले. सदरा वर करून त्यांनी करदोट्याची गाठ सोडवायला सुरुवात केली. ती लवकर सुटेना. सगळं कोर्ट थांबून बघत होतं. शेवटी त्यांनी एक पितळी किल्ली वर धरली.

"ज्ञानदेव. ह्येंचा चुलतभाऊ, धाकट्या घरचा. वरचं कुलूप आमचं हुतं, ह्यांचं खालचं. कुलूप पोलिसांनी तोडलं. किल्ली तेवढी ऱ्हायली."

सरकारी वकील, एरवी माझ्याशी कँटीनमध्ये नीट बोलणारे गृहस्थ, सावरून बसले. न्यायाधीशांनी चष्मा काढला. "म्हणजे तुमच्या किल्लीशिवाय पेटी उघडत नव्हती?"

"उघडंल कशी साहेब? आज्ज्यापासनं न्हाय उघडली."

"आणि आत बंदूक आहे, हे तुम्हाला माहीत होतं?"

वर मी सांगितलं, माहिती आणि ताबा. ताबा त्यांनी आपल्या तोंडानं कबूल केला होता. आता माहितीचं 'व्हय' एवढंच बाकी होतं. ते मला कळत होतं, सरकारी वकिलांना कळत होतं, त्यांनी पेनाचं टोपण काढलंही होतं. कळत नव्हतं ते फक्त ज्ञानदेवांना. त्यांच्या चेहऱ्यावर, कुणीतरी शेवटी विचारलं, असा आनंद होता. माझ्या डोळ्यांपुढं एकाऐवजी दोन भाऊ कळंब्यात बसलेले दिसले. मध्ये पेटी.

ज्ञानदेवांनी तोंड उघडलं आणि त्यांच्याआधी महिपती उठले.

"त्येला काय म्हाईत न्हाय साहेब," ते म्हणाले. "किल्ली त्येची. वरचं कुलूप बी त्येचंच. पर बंदूक आमची हाय. त्येला धरू नगासा."

वकिलीत मी पुष्कळ प्रसंग पाहिले आहेत, पण माझा पक्षकार माझं भाषण चालू असताना माझ्या पाठीमागून पुन्हा एकदा कबुली देतोय, हे पहिल्यांदाच घडत होतं. मी हातातली टिपणं बंद केली. उघडी ठेवून काही उपयोग नव्हता. ज्ञानदेव किल्ली वर धरून तसेच उभे होते, पण बघत होते महिपतींकडं. 'वरचं त्येचंच' हे त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा ऐकलं असावं.

न्यायाधीशांनी चष्मा पुन्हा लावला. तो लावायला त्यांना जरा जास्तच वेळ लागला. "दोघंही खाली बसा," ते म्हणाले. "आणि ती किल्ली जिथं होती तिथं ठेवा." मग माझ्याकडं बघून : "मॅडम, अपिलात मी रेकॉर्डवर आहे तेवढंच वाचतो. मागच्या बाकांवर काय आहे ते माझ्यासमोर नाही. आणि रेकॉर्डवर वरचं-खालचं कुठं आहे, दाखवता का?"

"नाही, साहेब," मी म्हटलं. "दोन कुलपं, एवढंच आहे."

"मग तेवढंच बोला."

मी तेवढंच बोलले. त्या दिवसापासून पक्षकाराच्या समाधानासाठी एकही विशेषण वापरत नाही.

बाहेर आल्यावर ज्ञानदेव चहाच्या गाड्यापाशी घुटमळत होते. महिपती त्यांच्याजवळ गेले आणि म्हणाले, "त्ये वरचं म्हटलं ते कोर्टापुरतं हुतं. ध्येनात असू दे." ज्ञानदेवांनी तीन चहा सांगितले. मला विचारलं, मी नको म्हटलं, मग तिसरा आक्काताईंना दिला. परत जाताना वडापमध्ये तिघं मागच्या सीटवर बसले.

निकाल ऑगस्टमध्ये लागला. दुसरी किल्ली आरोपीकडं नव्हती, ती कुणाकडं होती याचा तपासच झाला नाही, त्यामुळं आरोपीचा एकट्याचा ताबा संशयापलीकडं सिद्ध होत नाही. शिक्षा रद्द. मी हे आक्काताईंना सोप्या भाषेत सांगितलं. त्यांनी एकच विचारलं, "म्हंजे उद्या धारंला ह्ये घरात हायत?" मी हो म्हटलं. त्यांनी पदरानं तोंड पुसलं आणि मलकापूरची गाडी कुठं लागते ते विचारलं.

निकालाच्या शेवटी एक परिच्छेद होता. महिपती सुटले तरी बंदुकीला परवाना नव्हताच. ती जिल्हाधिकाऱ्यांकडं पाठवायची आणि नियमाप्रमाणं तिची विल्हेवाट लावायची. हे दोघा भावांनी मलाच मोठ्यानं वाचायला लावलं.

पुढच्या सोमवारी दोघं एकत्र ऑफिसात आले. जिन्यात कुणी बसलं नाही. दसऱ्याला बार कसा काढायचा, हा प्रश्न होता. मी समजावलं की बंदूक मोडीत जाण्याआधी रीतसर परवाना मागून बघता येईल. ती परत मिळेलच असं नाही, पण मागायला हरकत नाही. आणि मिळाली नाही तरी पुढं दुसरी घ्यायला तोच परवाना उपयोगी पडेल. फक्त परवाना माणसाच्या नावावर होतो. घराण्याच्या नाही, गावाच्या नाही. एका माणसाच्या.

"देवीच्या नावावर घाला," ज्ञानदेव म्हणाले.

"वय लिहावं लागतं. डॉक्टरचा दाखला लागतो. आणि पोलीस घरी येऊन चौकशी करतात."

"मग न्हाय जमायचं," महिपती म्हणाले. "देवी कडक हाय."

मी आक्काताईंचं नाव सुचवलं. त्या दिवशी त्या नव्हत्या, म्हणून त्यांना फोन लावला. पलीकडून त्या म्हणाल्या, "माज्या नावावर करा आणि बगा. पयला बार ह्या दोघांच्या मधनंच काढीन." फोन स्पीकरवर होता. ती सूचना तिथंच संपली.

बाकी सगळं ठरलं. बंदूक कुठं ठेवायची, दारू कुणी आणायची, पाळी कशी मोजायची, अगदी कोरोनाचं सालसुद्धा मिटलं. ते कुणाचंच नव्हतं, असं दोघांनी मान्य केलं. अर्ज मी तयार केला. पत्ता, कारण, साठवणुकीची जागा, सगळं भरलं. नाव तेवढं राहिलं.

हा लेख पाठवायच्या आधी, गेल्या गुरुवारी सकाळी ज्ञानदेवांचा फोन आला. "बाईसाहेब, दादाचंच घाला. कोर्टात त्यो माझ्यासाठी उठला. पर मी म्हटलं म्हणून सांगू नगासा त्येला. डोक्यावर बसंल."

मी महिपतींचं नाव लिहायला अर्ज समोर घेतला, तेवढ्यात कोर्टाची वेळ झाली. संध्याकाळी परत आले तर महिपतींचा फोन. "ज्ञानूचं घाला. माझं आता वय झालं, बार काढताना खांदा दुखतोय. पर मी माघार घेतली असं त्येला वाटाय नगं. तुमीच ठरवलं म्हणा."

दोघांनाही मी शब्द दिला आहे. दोघंही गुप्त ठेवायला सांगून बसले आहेत. वकील म्हणून, निदान हा लेख छापून येईपर्यंत, दोन्ही पाळणं माझं कर्तव्य आहे. दसरा तोंडावर आहे, अर्जाची मुदत त्याच्याही आधी संपते, आणि 'अर्जदाराचे संपूर्ण नाव' या रकान्यात अजून मी काहीही लिहिलेलं नाही.